पुस्तक मीच दिलं होतं

हे सांगायचं मी फार दिवस टाळलं. कधी तब्येतीचं कारण काढलं, कधी मुलाच्या नोकरीचं. खरं कारण भीती.

दुपारची वेळ. गावच्या वाचनालयाचा हॉल माणसांनी भरलेला. फरशीवर सातवीतल्या कोमलचं दप्तर उलटं केलेलं. कंपास, अर्धी भाकरी, एक ओढणी, आणि ओढणीत गुंडाळलेलं ते पुस्तक. समोर खुर्चीत मालक. दप्तर उलटं करणारे हात माझे.

मालक म्हणजे संस्थेचे अध्यक्ष. निम्मं शिवार त्यांचं, शाळा त्यांची, वाचनालयही त्यांचंच. मी निवृत्त शिक्षक, वाचनालय सांभाळायचो. खालच्या आळीतून येऊन त्यांच्या ओसरीवर खुर्ची मिळालेला मी पहिलाच. त्या खुर्चीचा मला माज होता. आज लिहितो, तेव्हा कळत नव्हतं.

वाचनालयात मुलांसाठी विज्ञानाची पुस्तकं होती. तारे, किडे, हाडं, ज्वालामुखी. गुळगुळीत कागद, रंगीत चित्रं. सगळी काचेच्या कपाटात, कुलपात. अनुदानाची तपासणी आली की बाहेर निघायची. पोरांना ओळीत बसवायचं, हातात एकेक पुस्तक द्यायचं, फोटो काढायचा, परत घ्यायचं. कुणी पान उलटलं तर मी खेकसायचो, "डाग पडतील!"

त्या वर्षी जमीन गुरगुरत होती. आमच्या लातूरकडच्या माणसांनी भूकंप पाहिलाय. भांडं वाजलं तरी अंगणात येतात. खालून घुमत आवाज यायचा. पत्रे थरथरायचे. कुत्री एकदम गप्प व्हायची. भगतानं सांगितलं, देवी कोपली, खालच्या आळीतली बाई देवळाची पायरी चढली. ती बाई म्हणजे कोमलची आई, सुमन. झाडायला चढली होती. मालकांनीच सांगितलं होतं. पण भगत बोलला तेव्हा मालक गप्प बसले. मग आळीतल्या बायकांना मळ्यात काम मिळेना. घरांवर दगड पडू लागले.

तपासणीचा फोटो झाला. सगळ्यांनी पुस्तकं दिली नि बाहेर पळाली. कोमल धरून बसली. पानावर कलिंगडासारखी कापलेली पृथ्वी.

"सर, ह्यात लिवलंय. खाली खडक सरकतेत म्हून आवाज येतोय. आईमुळं न्हाई."

"आण इकडं."

"घरी न्यू द्या की. आळीत वाचून दाखवते. उद्या आणते, शप्पथ."

मी आजूबाजूला पाहिलं. कुणी नव्हतं. म्हणालो, "ओढणीत गुंडाळ. कुणाला सांगू नकोस."

तिनं ते नळावर वाचलं. मोठ्यानं. दोन्ही आळ्यांच्या बायकांपुढं. एक म्हातारी म्हणाली म्हणे, "अगं बया, मग भगताला दिल्यालं कोंबडं फुकटच गेलं की माझं!" हसणं गावभर झालं. मालकांच्या ओसरीपर्यंत गेलं.

म्हणून ती दुपार.

"मास्तर, पोरगी तुमच्याच आळीतली ना? मग दप्तर तुम्हीच बघा."

मी बघितलं.

"मी चोरलं न्हाई," कोमल म्हणाली. "सरांनी दिलं."

मालक हसले. "का हो मास्तर? दिलंत?"

पोरगी मुळीच घाबरली नव्हती. फळ्याकडे बघावं तशी माझ्याकडे बघत होती. उत्तर येणारच, अशी.

"नाही," मी म्हणालो.

सुमन पुढं आली. "पाया पडते मालक, लेकरू हाय." ती वाकू लागली. कोमलनं तिचा दंड धरून तिला उभं केलं.

"वाकू नको, आई. आपुन काय केलंय?"

मागून कुणीतरी म्हणालं, "चोर तो चोर, वर शिरजोर." झालं. चोरटी पोर, कोपलेली देवी, एकच घर. आठ दिवसांत कुणीतरी त्यांचं दार जाळलं. ते लोक उमरीला मामाकडे निघून गेले. पोरीची शाळा तिथंच संपली.

मी ओसरीवर बसत राहिलो. चहा यायचा. जमीन गुरगुरली की कप बशीत वाजायचा. मालक माझ्याकडे बघायचे, मी कपाकडे.

गेल्या महिन्यात उमरीला गेलो. कोमल दारात आली. उंच झालीय. मजुरीला जाते. तिनं मला ओळखलं. मी तोंड उघडलं.

"हितं नका बोलू, सर. हितं मला कुणी चोर म्हणत न्हाई. तिथं बोला."

दार लागलं. आतून कडीचा आवाज आला.

परवा मालकांचा फोन आला. आवाज मायेचा. "उमरीला गेला होतात म्हणे. वय झालं आता तुमचं, मास्तर. फिरू नका असं. मुलगा आपल्याच शाळेत आहे ना?"

"हाव," मी म्हणालो. "आणि पुस्तक मीच दिलं होतं."

मग फोन बंद.

येत्या ग्रामसभेत हेच उभं राहून बोलणार आहे. भगतापुढं, मालकांपुढं, दगड मारणाऱ्यांपुढं. मुलाला सांगितलं. तो माझ्याशी बोलणं टाकून बसलाय. टाकू दे. मी बोलणार. त्यानंतरच उमरीची एसटी धरीन, त्याआधी नाही.

कोमल, मी खोटं बोललो. तुझ्या तोंडावर बोललो. मला माफ कर.

हे अजून तिनं ऐकलेलं नाही.