एकोणीस नंबरची हजेरी

पन्नाशी ओलांडल्यावर मी वकिलीला प्रवेश घेतला. चिखलीत पंचवीस वर्षं मी गणिताच्या शिकवण्या घेत आलोय. पोरं संध्याकाळी येतात, सकाळ मोकळी. ती मोकळी सकाळ घरात दिसली की बायको गहू निवडायला बसवते. कायदा शिकण्यामागचं खरं कारण तेवढंच.

कॉलेजात मी रोज वेळेवर, पहिल्या बाकावर, डब्यासकट. तरी तिसऱ्या सत्राच्या परीक्षेआधी फलकावर कमी हजेरीवाल्यांची यादी लागली आणि तीत माझा नंबर होता. विद्यापीठाच्या नियमानं प्रत्येक विषयाला पंचाहत्तर टक्के हजेरी हवी. बाकी विषयांत मी व्यवस्थित होतो. एका विषयात मात्र शून्य. परीक्षेचा फॉर्म भरता येणार नाही.

"शून्य?" बायको म्हणाली. ती वरवट बकाल गावची, बोलण्यात आडपडदा नाही. "मंग रोज डबा घेऊन कुठी जात होते तुम्ही?"

परीक्षेपेक्षा हाच पेपर मला जड गेला.

विद्यापीठाला हायकोर्टात खेचायचं, मी ठरवलं. सात पानी नोटीस लिहिली. 'नैसर्गिक न्यायाची पायमल्ली' तीत पाच ठिकाणी होती. बायकोला खड्या आवाजात वाचून दाखवली.

"लय चांगली आहे," ती म्हणाली. "पण तुम्ही वर्गात होते, हे कुठी लिहिलं?"

ते राहिलंच होतं.

सुधारलेली नोटीस घेऊन प्राचार्यांकडे गेलो. त्यांनी त्या विषयाच्या प्राध्यापकाला बोलावलं. हा प्राध्यापक आठवीत माझ्याकडे शिकवणीला होता. मला बघून तो उभाच राहिला. "बस रे" म्हटलं तरी बसेना. प्राचार्यांनी हजेरीपट उघडला. अठरा नंबरसमोर खुणा, वीससमोर खुणा. एकोणीससमोर सत्रभर कोऱ्या चौकटी.

"यांचा नंबर घेत नाही का तुम्ही?"

"सरांना कसं पुकारायचं, सर?" तो खाली बघत म्हणाला. "अठरा झाले की मी त्यांच्याकडे बघून मान झुकवतो. खूण मागाहून करू म्हणायचो, ते राहून गेलं."

मला ती मान आठवली. रोजची. ही आपली खास हजेरी, असं समजून मी बसल्या जागेवरून आशीर्वाद दिल्यासारखा हात वर करायचो. बाकीचे बिचारे "हजर, हजर" ओरडायचे, त्यांची मला कीव यायची. अठरानंतर एकोणीस येतात, हे सत्रभर एका गणिताच्या मास्तराच्या लक्षात आलं नाही!

"कोर्टात जाताय ना?" प्राचार्य म्हणाले. "मग पहिला जबाब यांचा होईल."

पोरगा तासिकेवर शिकवणारा, नोकरी अजून पक्की नाही. मी नोटीस घडी करून डब्याच्या पिशवीत कोंबली. "राहू द्या," म्हटलं, "पुढच्या वर्षी बसतो परीक्षेला." घरी काय सांगायचं, ते सुचत नव्हतं.

प्राचार्य हसले आणि त्यांनी माझ्या वर्गालाच बोलावून घेतलं. सगळी माझ्या लेकीच्या वयाची.

"काका रोज असतात, सर," एक मुलगी म्हणाली. "ते पुढे बसून मागे बघत राह्यतात, म्हणून तर आमाले दुसऱ्याची हजेरी लावता येत नाही."

शेवटचं वाक्य गाळून प्राचार्यांनी सगळ्यांच्या सह्यांनिशी पत्र केलं. प्राध्यापकानं आपली चूक खाली लिहून दिली. विद्यापीठानं ते मानलं आणि शेवटच्या दिवशी माझा फॉर्म गेला.

दुसऱ्या दिवशी वर्गात त्यानं अठरा घेतले. सवयीनं मान झुकायला लागली, ती त्यानं सावरली.

"एकोणीस."

आमच्याकडे हजेरीला कुणी उभं राहत नाही. मी राहिलो. "हजर, सर."

त्यानं खूण केली आणि हजेरीपट माझ्याकडे तिरका धरला. आठवीत असताना उत्तर बरोबर आलं की वही धरायचा, तसाच.