तोडलेली हिरवी तार

ही गोष्ट मी माझ्या पत्नीलाही सांगितली नाही, आणि ती न ऐकताच वारली. तुम्हाला का सांगतो आहे? कदाचित तुम्ही समोर बसून माझ्या चेहऱ्याकडे पाहत नाही, एवढ्यासाठीच.

पण आधी इतरांच्या खोट्याचा समाचार घेऊ द्या. जालन्यात माझा ध्वनिमुद्रणाचा स्टुडिओ चाळीस वर्षे उभा आहे. लग्नाच्या बँडमधले वादक, भारुडे करणारे, जात्यावर ओव्या म्हणणाऱ्या बाया यांना मी कॅसेटवर आणले, तेव्हा पुण्या-मुंबईची मंडळी आमच्याकडे ढुंकूनही पाहत नव्हती. माझ्या मुद्रणात सुरामागे विजेची घूं-घूं नसते, स्वच्छ शांतता असते, हे माझे शत्रूही मान्य करतात. ती शांतता कुठून आली? थांबा—तिथेच यायचे आहे.

नामदेव बेंजो वाजवत असे. हसनाबादजवळच्या वस्तीवरचा, मेंढरांमागे फिरणाऱ्या घराण्यातला. उजव्या हाताने तारा छेडायच्या, डाव्याने बटणे दाबायची, आणि वरून स्वतः गायचे. तसा डावा हात मी पुन्हा पाहिला नाही. एका उन्हाळ्यात, भर दुपारी, माझ्या स्टुडिओत त्याला विजेचा झटका बसला आणि त्या हाताची तीन बोटे कायमची आत वळली.

यावर लोकांनी काय काय रचले! एक जुने वादक आजही सभांतून सांगतात की नामदेव पिऊन आला होता. साफ खोटे. त्याच्या गळ्यात तुळशीची माळ होती आणि तो चहासुद्धा अर्धा कप घेत असे. माझ्या सत्काराच्या अंकात कुणा प्राध्यापकाने लिहिले की गेलेली वीज परत येताना दाब वाढला. त्या दिवशी वीज गेलीच नव्हती. मी हजर होतो, प्राध्यापक नव्हते. तिसरी हकीकत खुद्द नामदेवाची—हात घामाने ओले होते, चूक त्याचीच. तिन्हींत तीच सर्वांत खोटी आहे. हे मी इतक्या ठामपणे कसे म्हणू शकतो? कारण ती मी रचली.

स्टुडिओच्या मागे अर्थिंगचा खड्डा असतो. मीठ, कोळसा, तांब्याची पट्टी. भरकटलेली वीज त्या वाटेने जमिनीत जाते, माणसाच्या अंगातून जात नाही. उन्हाळ्यात खड्डा सुकतो, त्यात पाणी ओतत राहावे लागते. त्या वर्षी आमच्या गल्लीत टँकर आठवड्याने येई. खड्डा सुकला, आणि बेंजोच्या अँप्लिफायरमधून घूं-घूं सुरू झाली. हा आवाज घालवण्याची एक चोरवाट आमच्या धंद्यातल्या प्रत्येकाला ठाऊक असते. तोंडाने कुणी सांगत नाही. मी अँप्लिफायरच्या पिनेतली हिरवी तार, म्हणजे त्या खड्ड्याकडे जाणारी वाट, कापली. आवाज गेला. मला फार आनंद झाला होता—हेही सांगितले पाहिजे.

पहिल्या दिवशीच नामदेव माईकपासून मागे सरकला. “मालक, ओठाला मुंगी चावल्यावानी होऊन राह्यलं.”

“मुंगी नव्हे रे, कीर्ती चावते आहे,” मी म्हणालो. “सवय कर.”

सगळे हसले. तोही हसला.

मला ठाऊक होते. हे वाक्य लिहायला मला तीस वर्षे लागली. त्या मुंगीचा अर्थ—बेंजोतली वीज त्याच्या अंगातून माईककडे वाट शोधते आहे—त्या खोलीत एकट्या मला कळला होता, आणि दुसऱ्या दिवशी मी त्याला सांगितले, “माईकच्या आणखी जवळ ये.”

तो जवळ आला. शेवटच्या कडव्याला त्याचे ओठ माईकला टेकले. एक हात तारांवर होता, दुसरा बटणांवर. आवाज झाला नाही, ओरडणेही नाही. गाणे मध्येच थांबले आणि तो बेंजोसकट मागे कोसळला.

माणसे त्याला उचलून जीपमध्ये घालत होती. आणि मी? मी टेस्टर शोधत होतो. बेंजोच्या तारेला तो टेकवला—दिवा पेटला. मग मुख्य बटण बंद केले, पिन उघडली, हिरवी तार पुन्हा जोडली. स्क्रू दोनदा खाली पडला. जीप सुरू झाल्याचे मी ऐकले, बाहेर गेलो नाही. तपासणीला माणूस आला तेव्हा सगळे जिथल्या तिथे होते. “हात ओले असतील,” मी म्हणालो. त्याने तसेच लिहिले. दवाखान्यात खाटेशेजारी उभा राहून नामदेवालाही मी तेच सांगितले, आणि तो म्हणाला, “माह्यापायी तुमचं लई नुकसान झालं, मालक.”

मी त्याला गप्प केले नाही.

त्यानंतर तो मजुरीला लागला. दरवर्षी राजूरच्या गणपतीचे दर्शन घेतले की माझ्याकडे प्रसाद घेऊन येतो. त्याची पावले जिन्यावर वाजली की मी ती मोजू लागतो. यंदा कुणी वायरमन त्याला भेटला असेल का? मुंगीची गोष्ट कुणी नीट ऐकून घेतली असेल का? तो वाकून पाया पडतो तेव्हा मला वाटते, आता मान वर करील आणि विचारील. तो कधीच विचारत नाही. स्टुडिओत पाऊल टाकत नाही. उंबऱ्यापाशी बसतो, अर्धा कप चहा घेतो, जातो.

यंदा त्याच्यासोबत नात होती. अकरावीत शिकते, गळा आजोबाचा. “तुमच्या हवाली करतो, मालक. तुमच्याबिगर आपलं कोण हाय?” मला नाही म्हणता आले नाही. ‘नाही’ का म्हणतो, हे तरी काय सांगितले असते?

मुद्रणाच्या सकाळी मी स्वतः दोन बादल्या पाणी खड्ड्यात ओतले. या वयात, जिना उतरून. प्रत्येक पिन उघडून पाहिली, माईकला टेस्टर लावला, पुन्हा लावला. दिवा पेटला नाही. तरी काचेच्या अलीकडे बसताना टेस्टर मी खिशातच ठेवला.

मुलगी माईकसमोर उभी राहिली. उंबऱ्यावरून नामदेव ओरडला, “बाई, हात पूस आधी! आज्यानं नव्हते पुसले.”

तिने ओढणीने हात पुसले. एकेक बोट, नीट. मग माझ्याकडे पाहून मान हलवली.

मी म्हणालो, “सुरू कर.”