ताईने मागे घेतलेलं अपील

दाजींनी ताईला घराबाहेर काढलं तेव्हा तिची मुलगी शाळेत होती. ती वडिलांकडेच राहिली, ताई आमच्याकडे चांदवडला आली. त्या घरात राहू द्यावं म्हणून ताईने केलेला अर्ज खालच्या कोर्टाने फेटाळला, मग तिने नाशिकला सेशन कोर्टात अपील केलं. तारखेला एसटीने तिच्याबरोबर मीच जायचो. त्या सगळ्या काळात दाजींनी मायलेकींना फोनवरसुद्धा बोलू दिलं नाही.

एक दिवस त्यांनीच मला फोन केला. "बहिणीला सांग, अपील मागे घे. त्याच दिवशी पोरगी भेटवतो."

वकीलबाई भडकल्या. "अहो, केस आपल्या बाजूने चाललीये, आणि आता सोडता?"

"मॅडम, नुसतं घर घेऊन काय करू?" ताई म्हणाली. "मला ती पाहिजे."

नाइलाजाने त्यांनी अर्ज लिहिला, ताईने सही केली. न्यायाधीशांनी विचारलं, "कोणाचा दबाव?"

ताईने मागे पाहिलं. दाजी शेवटच्या बाकावर मोबाईल चाळत होते.

"नाही साहेब. माझ्या मर्जीने."

"अपील मागे घेतल्यामुळे फेटाळण्यात येत आहे." साहेबांनी टाइप करणाऱ्याला एवढं सांगितलं. लगेच पुढच्या प्रकरणाचा पुकारा झाला. ताई अजून तिथेच उभी होती. शिपाई म्हणाला, "बाई, सरका."

दाजींनी शब्द पाळला. मुलगी बाहेर गाडीतच बसली होती, आईपेक्षा उंच झालेली. तिने काच अर्धीच खाली केली. ताईने घरी शिवलेला ड्रेस आत दिला.

"हा मला होणार नाही."

"उसवून मोठा करून देते ना."

"नको." मुलीने ड्रेस परत केला. "तू कोर्टात लिहून दिलंस ना, आमच्या घरी यायचं नाही म्हणून?"

"कोण म्हणालं?"

"पप्पा."

दाजी दार उघडत होते. "खोटं आहे का? आत्ता साहेबांसमोर काय म्हणालीस? माझ्या मर्जीने." मुलीकडे वळून ते म्हणाले, "मामाला विचार. तोही होता तिथे."

मुलीने माझ्याकडे पाहिलं. मी तोंड उघडेपर्यंत काच वर गेली होती.

"झाली भेट," म्हणून दाजींनी गाडी काढली.

मी ताईला घेऊन तसाच वकीलबाईंकडे परत गेलो. त्या म्हणाल्या, "अपील तर संपलं. मुलीसाठी वेगळा अर्ज करता येईल. पण एवढ्या मोठ्या मुलीला कुठे राहायचंय, ते न्यायाधीश तिलाच विचारतील."

"नको," ताई म्हणाली. "ते मी ऐकून आले."

तिने अर्ज केला नाही. पुढे घटस्फोट झाला. दाजींनी दुसरं लग्न केलं, त्याचे फोटो भाचीनेच टाकले. ताईने ते माझ्या मोबाईलवर पाहिले. नवी बायको कशी आहे, ते तिने विचारलंही नाही. प्रत्येक फोटो दोन बोटांनी मोठा करत ती मुलीचा चेहरा शोधत राहिली. सगळ्या फोटोंत मुलगी हसत होती.