दीड सिनेमा

"हिच्या बांगड्या काढून त्या पोरीला घाला," दिग्दर्शक म्हणाला. माझ्याकडे न बघता.

मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्याबाहेर उभी. अंगावर मोलकरणीचं लुगडं, तोंडाला रंग. नव्वदचं दशक सरत आलं होतं, मी एकोणीस वर्षांची. सेनगावजवळच्या एका गावात शूटिंग चाललं होतं. आमच्या बौद्ध वस्तीत जयंतीला नाटक व्हायचं, त्यात बघून ह्याच दिग्दर्शकानं मला निवडलं होतं. काम काय, तर मालकिणीला पाणी नेऊन देणारी बाई. चार वाक्यं. आठ दिवस ती चार वाक्यं मी शेळ्यांना ऐकवत होते.

घर गावातल्या बड्या माणसाचं. मी माठाकडे निघाले तशी त्याची बायको आडवी आली.

"कोणाची गं तू?"

मी वडिलांचं नाव सांगितलं. तेवढं पुरलं. ती थेट दिग्दर्शकाकडे गेली. "अंगणात काय करायचं ते करा. आमच्या माठाला हिचा हात लागू देणार न्हाई. देवाचं पाणी त्यातलंच ऱ्हाते."

गाडीभर दिवे आणले होते त्या लोकांनी. एक दुसरा माठ आणा, असं कोणाच्या तोंडून निघालं नाही. तोड निघाली ती अशी. तोंड माझं दाखवायचं, दारातून. माठात तांब्या बुडवणारे हात त्या बाईच्या भाचीचे. तिचे हात गोरे, मऊ. मग त्यांना चुलीची काजळी चोळली. माझ्यासारखे दिसावेत म्हणून.

मी बांगड्या काढून दिल्या. आज लिहितानाही माझाच राग येतो. काढताना एक फुटली, मनगटातून रक्त आलं. "जपून गं, पडद्यावर एक कमी दिसंल," कोणीतरी म्हणालं.

सिनेमा वसमतच्या टॉकीजला लागला. अर्धी वस्ती एसटीनं आली. माझं तोंड दिसलं तशा शिट्ट्या पडल्या. मग हात दिसले. शेजारी बसलेली आई माझ्याकडे वळली.

"हे हात तुझे न्हाईत. तुझ्या मनगटावर तव्याचा डाग हाय. कोणाचे लावले?"

मी सगळं सांगितलं.

"अन् तू बांगड्या काढून देल्या?"

बस, एवढंच. त्या बाईचा मला राग आला होता, पण लाज वाटली ती आईच्या ह्या प्रश्नानं.

दोन वर्षांनी तोच दिग्दर्शक आखाडा बाळापूरला आला. पुन्हा मोलकरीण. मी गेले. का खोटं बोलू, पडद्याची ओढ होती. दोन दिवस नीट गेले. तिसऱ्या दिवशी चुलीवर भाकरी थापायची होती. घरमालक दिग्दर्शकाच्या कानाशी लागला. मी ओळखलं.

"मागच्यासारखंच करू," दिग्दर्शक म्हणाला. "बांगड्या दे."

"न्हाई देत."

"काहून?"

"हात माझे दिसतील. न्हाई तर तोंड बी दिसणार न्हाई."

तो हसला. "तुझ्यासारख्या शंभर मिळतात."

"मिळू द्या. पण त्यांना आधीच सांगा, हात घरी ठेवून या म्हणून."

त्यांच्याच लुगड्याच्या पदरानं तोंडाचा रंग पुसला. जीपच्या आडोशाला माझी साडी नेसले आणि एसटी धरली. कोणी थांबवलं नाही. त्या सिनेमात एका प्रसंगात माझी पाठ राहून गेली, बाकी काम दुसरीनं केलं. पहिला सिनेमा एक, हा अर्धा. एवढीच माझी कारकीर्द. मला काम येत होतं, चांगलं येत होतं. ते कधी कोणाला दिसलं नाही, ह्याची आग अजून विझलेली नाही. विझू नये.

आता वस्तीतलं नाटक मी बसवते. पोरी विचारतात, सिनेमात बोलावलं तर जावं का? जावं. पण तोंडाला रंग लावायच्या आधी त्या घरातला माठ कुठं आहे ते विचारावं. सगळ्यांदेखत आपल्या हातानं पाणी काढून प्यावं. पिऊ देत नसतील तर आल्या पावली परत फिरावं.

मी माझं तोंड परत कोणाला दिलं नाही. देईन तर हातांसकट.