मी मेलेलीच राहिले

काल अण्णाचा, माझ्या मोठ्या भावाचा, फोन आला. त्यानं आमचं जयनगरचं घर विकायचं ठरवलंय, ते बाबांच्या कानावर घालायचं होतं. "तू आधी बोल गं, त्यांचा स्वल्प राग निघू दे. मग मी येतो."

ते ऐकलं आणि गेमिंग कॅफेतला एसीचा कुबट वास आठवला. मी सातवीत होते. गेममध्ये अण्णा मला आधी खोलीत पाठवायचा. मी गोळ्या खाऊन मरायचे, म्हणजे शत्रू कुठे लपलेत ते त्याला दिसायचं. मग बटण दाबून मी जिवंत व्हायचे, पुन्हा मरायला. जिंकल्यावर तो मित्रांना सांगायचा, "एकट्यानं मारले सगळे."

एकदा कॅफेतल्या स्पर्धेच्या शेवटच्या डावात मी मेले आणि हात मांडीवर ठेवले.

"बटण दाब ना," तो खेकसला. सगळे बघत होते.

"तू एकट्यानं मारतोस ना?"

तो लगेच मेला. बटण दाबलं नाही याची पुढे कितीतरी वर्षं मला लाज वाटायची. काल नाही वाटली.

"सरी अण्णा, ठीक आहे," मी म्हटलं, "उद्या अकराला ये."

आता अकरा वाजून गेलेत. मी सांगून ठेवलंय असं समजून तो बाबांसमोर बसला असेल. मी बाजारात कोथिंबीर निवडतेय. पिशवीत फोन वाजतोय.