कोंडवाड्यातली दोन वर्षं

द्वारकाकाकू बर्फाच्या लादीला टिचकी मारून कान लावायच्या. आमच्या धाड गावच्या आठवडी बाजारात कलिंगडाला टिचकी मारणारे पुष्कळ भेटतात, पण बर्फाचं बोलणं ऐकणारं माणूस मी दुसरं पाहिलं नाही. लादी साच्यातून निघाली की काकू वाकायच्या, दोन ठिकाणी ठोकायच्या आणि निकाल द्यायच्या. "ही पोकळ आहे. हिच्या पोटात हवा राह्यली. रसवंतीवाल्याले दे. लग्नाच्या घरी पाठवू नको, नाव जाईन."

चांगली लादी काचेसारखी असावी, पलीकडे उभं असलेलं माणूस ओळखू यावं, हा त्यांचा नियम. "बर्फाले खोटं बोलता येत नाही," त्या म्हणायच्या. "पोटातलं बाहेरून दिसते." मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहे, रोज फळ्यावर सुविचार लिहितो. एवढा नेमका सुविचार मला कधी सुचला नाही, आणि पुढं जे घडलं त्यानंतर तो लिहायची हिंमतही झाली नाही.

बर्फाचा कारखाना काकांनी टाकला होता. काका हर्नियाच्या ऑपरेशनला स्वतःच्या पायांनी चालत गेले आणि परत आले नाहीत. त्यानंतर वीसेक वर्षं काकूंनी तो चालवला आणि मग मुलाच्या, प्रकाशच्या, हाती सोपवला. सोपवला म्हणजे किल्ल्या दिल्या. कान त्यांचेच राहिले. घर आणि कारखाना यांच्यात एकच भिंत. पलीकडे मशीन धडधडत असायची आणि काकू अलीकडे गाढ झोपायच्या. पट्टा तुटून मशीन थांबली की मात्र ताडकन उठून बसायच्या. "आवाजानं माणूस जागं होते म्हणतात, ते खोटं आहे. आवाज थांबला की जागं होते." हे वाक्य मी शंभरदा ऐकलं असेल. ज्या दिवशी आठवायला हवं होतं, त्या दिवशी नेमकं आठवलं नाही.

मी त्यांचा शेजारी. एका उन्हाळ्यात मला म्हणाल्या, "सुधाकर, तुह्या फोनात सगळं असते म्हणते. बाहेरच्या देशात लादी कशी काढतात ते दाखव." मी शोधलं. लादी काही निघाली नाही. निघालं एक भलंमोठं बर्फाचं अंगण, आणि त्यावर पात्यांचे बूट घालून, हातात काठ्या घेऊन सुसाट धावणाऱ्या बायका. महिलांच्या आइस हॉकीची जागतिक स्पर्धा होती, त्यातली अंतिम लढत. कॅनडा विरुद्ध अमेरिका.

"ह्या बाया बर्फावर काऊन भांडून राह्यल्या?"

"खेळ आहे काकू. ती काळी चकती समोरच्या जाळीत घालायची."

"शेणाची गवरी म्हण ना मंग."

तेव्हापासून ती गवरीच. काकूंनी फोन डोळ्यांजवळ नेला, बायकांकडे दुर्लक्ष करून खालचा बर्फ निरखला आणि पसंतीची मान हलवली. "लादी चांगली आहे. खालच्या रंगाच्या रेघा वर दिसून राह्यल्या."

खेळाचे तीन डाव असतात. मधल्या सुट्टीत एक गाडी येते आणि ओरखडे पडलेला बर्फ पाणी फिरवून गुळगुळीत करते. गाडी चालवणारा एक पोट सुटलेला गृहस्थ होता. काकू त्याच्याकडे खेळापेक्षा जास्त वेळ पाहत राहिल्या. "पाह्य बाप्पा. बाया धिंगाणा घालून राह्यल्या अन् माणूस सारवून राह्यला. असा देश आहे, अन् मले कोणी सांगतलं नाही."

कॅनडा त्यांनी लगेच आपली केली. कारण विचारलं तर म्हणाल्या, "त्यायच्या इथं बर्फ आभाळातून फुकट पडते म्हणतो ना तू? तरी खेळासाठी मशीन लावून बनवतात. धंदा समजते त्याईले." बहुतेक वर्षी अंतिम फेरीत हेच दोन देश समोरासमोर येतात, हे कळल्यावर त्यांना जराही नवल वाटलं नाही. "बांधाले बांध लागून आहे त्यायचा. भाऊबंदकी आहे ही. दरसाल होईन."

त्या खेळात कुणी कुणाला पाडलं की पंच तिला दोन मिनिटं काचेच्या एका खोक्यात बसवतात. तिचा संघ तेवढा वेळ एका बाईविना खेळतो. काकूंनी या जागेला कोंडवाडा नाव दिलं. दुसऱ्याच्या शेतात शिरलेली ढोरं आमच्याकडे पूर्वी कोंडवाड्यात जायची, तसंच हे. "आपली कोणी आहे का रे कोंडवाड्यात?" हा त्यांचा दर पाच मिनिटांचा प्रश्न.

प्रश्न विचारावा लागे, कारण पुढच्या एक-दोन वर्षांत त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला. लादी टिचकीवर ओळखता यायची, पण गवरीला टिचकी कशी मारणार? मग मी त्यांच्या खुर्चीला खुर्ची लावून बसू लागलो आणि मराठीत सामना सांगू लागलो. काकू डोळे मिटून ऐकायच्या. मध्येच मला थांबवायच्या. "तू चूप बस जरा. लोक काय म्हणून राह्यले ते ऐकू दे."

ऑपरेशनला त्या तयार नव्हत्या. प्रकाशनं समजावलं, नातेवाइकांनी समजावलं, बुलडाण्याच्या डॉक्टरांनी समजावलं. काकूंचं एकच, "तुहे काकाही चालतच गेले होते." मग उंबरठ्याला ठेच लागून पडल्या. त्यानंतर एका संध्याकाळी गरम मशीनला हात लागता लागता वाचला. प्रकाश माझ्याकडे आला. "गुरुजी, माय तुमचं ऐकते. काहीतरी करा. एखाद दिवशी पट्ट्यात लुगडं जाईन तिचं."

मी गेलो आणि काकूंना म्हणालो, "काकू, अंतिम सामना आहे पुढच्या आठवड्यात. ह्या वर्षी कॅनडातच आहे."

त्यांनी पदर खोचला. मग म्हणाल्या, "हाव. आपली जिंकली तर करतो ऑपरेशन. हरली तर कोणी नाव काढाचं नाही. प्रकाशले सांग, मी जबान देऊन राह्यलो."

सामना आपल्याकडे पहाटे होता. काकू आंघोळ करून, केस विंचरून बसल्या होत्या, जणू डॉक्टर घरीच येणार होते. दोन डाव झाले, बरोबरी होती. तिसऱ्या डावातही बराच वेळ बरोबरी. मी सांगत होतो, काकू पदराचं टोक पिळत होत्या. शेवटी शेवटी कॅनडाच्या दोन पोरी एकाच वेळी कोंडवाड्यात गेल्या.

"दोघी?" काकू म्हणाल्या. "अक्कल गहाण टाकली का त्याईनं?"

पाच अमेरिकी बायकांसमोर कॅनडाच्या तिघी उरल्या. गोल झाला. श्वास घ्यायची उसंत नाही तोवर आणखी एक झाला. दोन्ही अमेरिकेचे. वेळ संपत आली होती, आणि माझ्या समोर काकूंचा चेहरा होता, डोळे मिटलेला, वर केलेला, माझ्या तोंडाकडे वळलेला.

मी म्हणालो, "काकू, गोल."

"कोणाचा?"

"आपला."

आयुष्यात इतक्या सहज मी कधी खोटं बोललो नव्हतो. एकदा बोललो, मग थांबता येईना. कॅनडाकडून मी आणखी एक गोल करवला. कोंडवाड्यातल्या दोघींना वेळेआधी बाहेर काढलं. त्यातल्या एकीला तर मी खाली पाडून, उठवून, परत धावायला लावलं.

काकू म्हणाल्या, "लई गप आहेत रे लोक."

"रडून राह्यले ना काकू. आनंदानं."

"हाव?"

"हाव."

"नक्की?"

"नक्की."

जिंकलेल्या देशाचं राष्ट्रगीत लागलं की काकू उभ्या राहायच्या, देश कुठलाही असो. त्या गुडघ्यावर हात टेकून उठू लागल्या आणि मी फोन बंद केला. "नेट गेलं काकू." आमच्याकडे या वाक्यावर शंका घ्यायची पद्धत नाही. काकू पुन्हा बसल्या. थोड्या वेळानं म्हणाल्या, "प्रकाशले सांग, गाडी काढ."

ऑपरेशन छान झालं. आधी एक डोळा, महिन्याभरानं दुसरा. पट्टी निघाल्यावर मला पाहून पहिलं वाक्य बोलल्या, "तू लई म्हातारा झाला रे." प्रकाशनं गावात जिलेबी वाटली. मला दोनदा दिली. मी दोन्ही वेळा घरी नेली आणि खाल्ली नाही.

दिसू लागल्यावर काकूंनी एकच बदल केला. मी नेहमीच्या खुर्चीवर बसायला गेलो, तर त्यांनी दाराजवळच्या खोक्याकडे बोट केलं. लाद्या ज्या भुशात ठेवतात तो भुसा भरलेलं लाकडी खोकं. "तू तिथं बस." मला वाटलं, आता दिसतं, शेजारी माणूस कशाला हवा. बरोबरच होतं. मी बसलो. उठलो की पँटला मागून भुसा चिकटलेला. शाळेत पोरं हसायची. "गुरुजी सुतारकाम करून आले."

त्या वर्षी फळ्यावर स्वच्छतेचे सुविचार फार झाले. पाणी वाचवा, झाडे लावा, नखे कापा. सत्यावर एकही नाही. एका मुलीनं विचारलंही, "गुरुजी, खरे बोलावे हे कधी लिहिणार?" मी तिला खिडकी उघडायला सांगितली.

पुढच्या वर्षीचा सामना कॅनडानं खरोखर जिंकला. काकूंनी तो सकाळी रेकॉर्डिंगवर पाहिला. आता जागरण नको, असा डॉक्टरांचा हुकूम होता. नियम असा ठरला की मी सामना आधी पाहिला तरी निकाल सांगायचा नाही. शेवटच्या गोलला मी खोक्यावरून उडालो. वाटलं, फिटलं. एक वर्ष उशिरा का होईना, माझं खोटं खरं झालं. मी खुर्चीकडे निघालो. "बस तिथंच," काकू म्हणाल्या, आणि राष्ट्रगीताला एकट्या उभ्या राहिल्या.

सांगावं, असं कितीदा मनात आलं. ओठांपर्यंत आलेलं परत पोटात जायचं. बाई ऑपरेशन करून बसली, लख्ख दिसतंय, आता कशाला? हे कारण चांगलं होतं. पोटात हवा राहिलेल्या पांढऱ्या लादीसारखं, दुरून चांगलं.

त्याच्या पुढच्या वर्षी अंतिम सामन्यात पुन्हा तेच दोन देश. बरोबरी झाली, जादा वेळ झाला, आणि अमेरिका जिंकली. मी रात्री एकट्यानं पाहिलं. सकाळी काकूंकडे गेलो, टेबलावर फोन उभा केला, रेकॉर्डिंग शोधलं आणि खोक्यावर जाऊन बसलो. काकूंनी सुरू करायचं बटण दाबलं नाही. माझ्याकडे वळल्या.

"तू पाह्यलं ना रात्री?"

"हो."

"मंग काय झालं?"

"काकू, नियम आहे ना. सांगायचं नाही."

"मी मोडून राह्यलो नियम. सांग."

पलीकडे मशीन धडधडत होती. ती थांबली असती तर बरं झालं असतं, काकू उठून गेल्या असत्या. मी भुशाकडे पाहिलं. मग त्यांच्याकडे पाहिलं. ते डोळे आता स्वच्छ होते, अगदी पलीकडचं दिसेल असे.

"हरली काकू," मी म्हणालो. आणि ते वाक्य तिथं थांबलं नाही. "ह्या वेळीही हरली. अन् त्या वेळीही हरली होती. ऑपरेशनच्या वेळी."

काकूंनी हलकेच मान हलवली. लादी पास करताना हलवायच्या तशी.

"मले माहीत आहे."

"कधीपासून?"

"तू गोल म्हणला तेव्हापासून. कॅनडात कॅनडानं गोल केला अन् सारं मैदान मुकं? चाळीस वर्षं त्या मशीनजवळ झोपलो मी लेका. बंद पडलेलं मले ऐकू येते."

"मग ऑपरेशनला काऊन गेल्या तुम्ही?"

"सारा गाव मले खरं सांगून थकला होता. खरं ऐकून कोणी टेबलावर झोपते का? तुले तर खोटं बोलताही येत नाही. आवाज चिरकून राह्यला होता तुहा. म्हटलं, हे पोरगं एवढं पोकळ वाजून राह्यलं, म्हणजे ह्याले माह्या डोळ्याची लई गरज आहे." त्यांनी माझ्या खोक्याकडे बोट केलं. "पण फाऊल तो फाऊल. म्हणून बसवलं तुले कोंडवाड्यात."

मी खाली पाहिलं. खोकं, दाराजवळ, एकट्या माणसाचं. दोन वर्षं त्यावर बसून मला ते कळलं नव्हतं.

"दोन मिनिटांची सजा असते बे," काकू म्हणाल्या. "मी रोज वाट पाह्यली. तू दोन वर्षं बसला."

काकू त्याच उन्हाळ्यात गेल्या. त्यांची लेक मुंबईहून येईपर्यंत त्यांना लादीवर ठेवावं लागलं. प्रकाशनं चार लाद्या काढल्या, आणि मी वाकून प्रत्येकीला टिचकी मारली. एक परत पाठवली. लोकांना वाटलं, गुरुजींना दुःखानं भ्रम झाला.

पण मी खरं सांगितलं त्या सकाळी काकू माझ्यासमोर बसल्या होत्या, आणि शेजारची खुर्ची हातानं झटकत होत्या.

"ये. भुसा झटकून ये."

मी जाऊन बसलो. त्यांनी बटण दाबलं, पदर सावरला, आणि एवढ्या कष्टानं मिळालेले ते दोन्ही डोळे मिटून घेतले.

"आता तू सांग," त्या म्हणाल्या. "अन् ह्या बारीले शेवटपर्यंत सांग."

मी सांगितलं. प्रत्येक गोल ज्याचा त्याला दिला. कॅनडा हरली तेव्हा काकूंनी पदराचं टोक एकदा पिळलं, एवढंच. मग अमेरिकेचं राष्ट्रगीत लागलं. धाडच्या त्या खोलीत, सकाळी, आम्ही दोघं उभे राहिलो.