पानी कोन आननार

संघमित्राला सोळावं लागलं होतं आणि जगाबद्दल तिचं मत पक्कं झालं होतं. चांगल्या जागांवर कुणीतरी आधीच रुमाल टाकून ठेवलेला असतो, आपण उभ्यानेच जायचं.

हे तिने मला माझ्या परळच्या खोलीत चहा पिता पिता ऐकवलं. त्यांच्या कॉलेजच्या एकांकिकेच्या तालमी माझ्याकडेच चालायच्या. माझं नाटकात काम करणं केव्हाच थांबलं, आता सगळी पोरं मला आजी म्हणतात, पण तालमीचा गलका घरात असला की मी अजून तरतरीत होते.

एकांकिका संपातल्या गिरणी कामगाराच्या बायकोची होती. पदर खोचणं, हंडा कमरेवर घेणं संघमित्राला आपसूक यायचं, घरी तिच्या आजीचं बघून बघून. पण एकांकिका बसवणाऱ्या चिंतामणी सरांनी भूमिका दादरच्या स्पृहाला दिली. संघमित्राचा ‘ण’ लागत नाही म्हणाले, आणि तिला प्रॉम्प्टिंगला बसवलं.

तेव्हापासून ती स्पृहाकडे टक लावून बघायची. तिच्या केसांकडे, तिला न्यायला येणाऱ्या बाबांकडे, चुकल्यावरच्या हसण्याकडे.

"आजी, ती चुकली की गोड दिसते," मला म्हणाली. "मी चुकले की अडाणी."

मी लाडू पुढे केला. तिने घेतला नाही.

प्रयोगाला मी विंगेत तिच्या शेजारीच बसले होते. ऐन भांडणात स्पृहा अडकली. वाक्य होतं, ‘पाणी कोण आणणार?’ संघमित्रा गप्प. अशा शांततेत नटाचा जीव कसा जातो ते मला ठाऊक आहे. मी तिला कोपराने ढोसलं. मग तिने वाक्य दिलं, ठसठशीत, मुद्दाम: "पानी कोन आननार?"

घाबरलेली स्पृहा ऐकलं तसंच बोलली. लोक हसतील याची संघमित्रा वाट बघत होती. समोर लालबाग-काळाचौकीच्या, गिरण्यांच्या वस्तीतल्या बायका. त्यांनी टाळी दिली, आणि स्पृहा पुढचं सगळं त्याच बोलीत रेटत गेली.

पडदा पडल्यावर सर स्पृहाला म्हणाले, काय भाषा पकडलीस! स्पृहा संघमित्राच्या गळ्यात पडली. "वाचवलंस यार."

"वाचवायला नव्हतं दिलं. तुला पाडायला दिलं होतं," संघमित्रा तिला बाजूला सारत म्हणाली. मग सरांकडे वळली. "सर, ती टाळी माझी आहे. पुढच्या प्रयोगाला मी उभी राहणार."

सर म्हणाले, बघू या.

"बघू नका, ऐका," ती म्हणाली, आणि सामान आवरणाऱ्या पोरांच्या मधेच उभी राहून पहिल्या वाक्यापासून सुरू झाली.